सत्त्याहत्तर क्रमांकाचा आगंतुक

दिवाळीच्या फराळाला कुणाकुणाला बोलवायचे याची यादी आपल्याकडे घरोघर होते. पण यादीबाहेरचा एखादा माणूस दारात उभा राहिलाच, तर त्याला कुणी परत पाठवीत नाही. बसलेली मंडळी जरा सरकून घेतात, आणि घरची गृहिणी आत जाऊन डब्यातल्या करंज्या पुन्हा एकदा मोजते. अतिथी या शब्दाचा अर्थच मुळी ‘ज्याच्या येण्याला तिथी नाही तो’ असा जुनी माणसे सांगत आली आहेत. घरात हा रिवाज आपण बिनबोभाट पाळतो. घराबाहेरच्या जगात मात्र, कचेरीत म्हणा, कॉलेजात म्हणा, खेळाच्या मैदानावर म्हणा, ज्याचे नाव यादीत नाही त्याच्यासाठी सरकून बसायला सहसा कुणी तयार नसते.

ही हकीकत अमेरिकेतल्या अशाच एका यादीबाहेरच्या मुलाची आहे. त्याचे नाव ब्रँडन बर्ल्सवर्थ. क्रिकेटवर पोसलेल्या आपल्या मुलुखात हे नाव फारसे कुणी ऐकलेले नसेल, आणि त्यात नवलही नाही. तो फुटबॉल खेळत असे, पण चेंडू क्वचितच त्याच्या हाती येई. गुण मिळवणे हे त्याचे कामच नव्हते. पाच वर्षे कॉलेजात घाम गाळून तो धंदेवाईक खेळाच्या उंबरठ्यापर्यंत पोचला, आणि उंबरठा ओलांडण्याआधीच हे जग सोडून गेला. तरीही, १८९४ सालापासून फुटबॉल खेळत आलेल्या त्याच्या विद्यापीठाने आपल्या ज्या मोजक्याच खेळाडूंचे क्रमांक सन्मानाने निवृत्त केले, त्यांतला एक याचा आहे. हे कसे घडले ते सांगण्यासारखे आहे.

आधी खेळाविषयी चार शब्द सांगायला हवेत. कारण फुटबॉल म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे येतो तो पायाने खेळायचा, गोल चेंडूचा खेळ. अमेरिकेतला फुटबॉल निराळा. तिथला चेंडू दोन्ही टोकांना निमुळता असतो, आणि बहुतेक वेळ तो हातातच असतो. अकरा गड्यांविरुद्ध अकरा गडी. मैदान शंभर यार्डांचे. ज्या संघाकडे चेंडू असेल त्याला चार प्रयत्न मिळतात. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकता आले तर आणखी चार प्रयत्न, नाही तर चेंडू प्रतिपक्षाच्या हवाली. चेंडू घेऊन समोरच्या टोकाच्या पट्ट्यात शिरले की सहा गुण.

हल्ल्याचा सूत्रधार असतो क्वार्टरबॅक. तो चेंडू फेकतो, किंवा दुसऱ्याच्या हाती देतो. वर्तमानपत्रांत छायाचित्र येते ते त्याचे. पण त्याच्या पुढ्यात पाच धिप्पाड गडी भिंतीसारखे उभे असतात. मधला सेंटर, त्याच्या दोन बाजूंना दोन गार्ड, आणि कडेला दोन टॅकल. समोरून लोंढ्यासारखे येणारे प्रतिपक्षाचे गडी छातीवर झेलायचे, क्वार्टरबॅकला चार-पाच क्षणांची उसंत मिळवून द्यायची, धावणाऱ्याला वाट करून द्यायची, एवढेच त्यांचे काम. आपल्या दहीहंडीत तळाच्या थरात खांद्याला खांदा लावून वाकलेली जी माणसे असतात, त्यांच्यासारखेच हे. लोकांची मान वर असते, हंडीकडे. खालच्या माणसाचा चेहरा सहसा कुणी पाहत नाही.

मौज अशी की, या मंडळींच्या सदऱ्यावरचा आकडाच त्यांची गोष्ट सांगून टाकतो. कॉलेजच्या खेळात ज्याच्या पाठीवर ५० ते ७९ यांतला क्रमांक असतो, त्याला पुढे फेकलेला चेंडू झेलण्याची सर्वसाधारणपणे मुभाच नसते. बर्ल्सवर्थ उजव्या बाजूचा गार्ड होता, आणि त्याचा क्रमांक होता ७७.

* * *

आता त्या ‘यादी’विषयी. अमेरिकेत कॉलेजचा फुटबॉल ही किरकोळ करमणूक नव्हे. मोठ्या विद्यापीठांच्या मैदानात लाखाच्या घरात माणसे बसतात. हे संघ काही प्रवेश घेतलेल्या विद्यार्थ्यांतून सहज जमत नाहीत. विद्यापीठांचे प्रशिक्षक गावोगावच्या शाळांतून हिंडतात, मुलांची उंची, वजन, वेग यांची टिपणे करतात, आणि पसंत पडेल त्याला शिष्यवृत्ती देऊ करतात. फी, राहणे, जेवण, पुस्तके, सारे त्यात आले. १९५६ सालापासून अशा क्रीडा-शिष्यवृत्त्यांना तिथल्या खेळांच्या मध्यवर्ती संघटनेची उघड मान्यता आहे. पुढे श्रीमंत विद्यापीठे मुलांचा साठाच करू लागली, तेव्हा संख्येवर बंधन आले. १९७३ मध्ये एका फुटबॉल संघाला १०५ शिष्यवृत्त्यांची मर्यादा घातली गेली, १९७८ मध्ये ती ९५ झाली, आणि १९९० नंतरच्या काही वर्षांत ती ८५ वर आणण्यात आली.

ज्याला शिष्यवृत्ती मिळाली तो बोलावलेला. ज्याला मिळाली नाही, पण तरी खेळायचे आहे, त्याला तिथे ‘वॉक-ऑन’ म्हणतात. म्हणजे आपल्या पायांनी चालत आलेला, आगंतुक. तो आपली फी आपण भरतो, आणि प्रशिक्षकांपुढे उभा राहून म्हणतो, मला सरावाला येऊ द्या. येऊ देतात, पण त्यापलीकडे कसलेही वचन नसते. बहुतेकांच्या वाट्याला येते ते नकलेचे काम. पुढच्या शनिवारी ज्या संघाशी गाठ आहे, त्या संघाच्या चाली आठवडाभर सरावात करून दाखवायच्या, म्हणजे आपल्या मुख्य खेळाडूंना त्यांची सवय होते. आठवडाभर धक्के खायचे, आणि शनिवारी सामन्याच्या वेळी मैदानाच्या कडेला उभे राहायचे. परगावच्या सामन्याला तर पुष्कळदा संघाबरोबर नेतही नाहीत. एखादे वर्ष असे काढून बरीच मुले सोडून जातात. त्यांना दोष कोण देईल?

काही विद्यापीठांनी मात्र या आगंतुकांचे मोल ओळखले. नेब्रास्का विद्यापीठात १९७३ ते १९९७ अशी पंचवीस वर्षे प्रशिक्षक असलेले टॉम ऑसबोर्न हे त्यांतले ठळक उदाहरण. आसपासच्या खेड्यांतल्या, शेतकऱ्यांच्या घरच्या दणकट मुलांना त्यांनी मोठ्या संख्येने असे बिनशिष्यवृत्तीचे दाखल करून घेतले, धीराने घडवले, आणि त्यांच्यातून पहिल्या प्रतीचे खेळाडू काढले. यादी करणाऱ्याची नजर कितीही तयार असली, तरी सतरा वर्षांच्या मुलात बावीस वर्षांचा माणूस तिला नेमका दिसतोच असे नाही. शाळामास्तराला हे निराळे सांगावे लागत नाही.

* * *

आर्कान्सा हे अमेरिकेच्या दक्षिणेकडचे, फारसे श्रीमंत नसलेले राज्य. त्याच्या उत्तर भागात ओझार्कच्या डोंगररांगा आहेत, आणि त्या डोंगरांत हॅरिसन नावाचे लहानसे गाव आहे. २० सप्टेंबर १९७६ रोजी जन्मलेला ब्रँडन याच गावात वाढला. त्याला वाढवले आईने. आणि वयाने पुष्कळ मोठा असलेला थोरला भाऊ मार्टी त्याच्या पाठीशी वडिलांच्या जागी उभा राहिला. घर देवभक्त. ब्रँडनही मनाने धार्मिक, बोलणे थोडे, वागणे सरळ.

या राज्यात धंदेवाईक फुटबॉलचा एकही संघ नाही. त्यामुळे तिथल्या माणसांचे सारे प्रेम एकवटते ते फेयेटव्हिल इथल्या आर्कान्सा विद्यापीठाच्या संघावर. ‘रेझरबॅक’ म्हणजे रानडुक्कर हे त्या संघाचे चिन्ह, आणि लाल हा त्याचा रंग. सामन्याच्या दिवशी हजारो माणसे हात उंचावून, शेतकरी आपल्या डुकरांना बोलावतो तशी, लांबलचक आरोळी देतात. हॅरिसनपासून फेयेटव्हिल सुमारे ८० मैलांवर. डोंगराआडच्या त्या गावातल्या मुलाने मनात ठेवावे असे स्वप्न एकच होते, तो लाल सदरा अंगात घालण्याचे.

पण आर्कान्सा विद्यापीठाने त्याला शिष्यवृत्ती देऊ केली नाही. १९९४ साली ब्रँडन फेयेटव्हिलला गेला तो आगंतुक म्हणूनच. थोराड, गोलसर बांध्याचा, आणि डोळ्यांवर जाड काळ्या काड्यांचा चष्मा. कुणी पाहिले असते तर त्याला ग्रंथालयात जाणारा विद्यार्थी म्हटले असते. आणि ते अगदीच चूक ठरले नसते.

पहिले वर्ष त्याला सामन्यात उतरवले नाही. कॉलेजातल्या खेळाडूला चार हंगाम खेळण्याचा हक्क असतो. त्यातला एकही खर्ची न घालता एक वर्ष नुसत्या सरावात काढण्याची तिथे सोय आहे. १९९४ चे त्याचे वर्ष असे गेले. ते वर्ष त्याने पुरे वसूल केले. तिथले शिक्षण बारीकसारीक असते. पहिले पाऊल कुठल्या पायाचे, किती इंचांचे, हात समोरच्याच्या छातीवर कुठे बसवायचे, कमर किती खाली न्यायची, हे सारे अंगात मुरेपर्यंत घोटावे लागते. गार्डच्या खेळात झटक्यात दिपवून टाकण्यासारखे काही नाही. एकच धडा हजार वेळा गिरवायचा. ब्रँडनला त्या गिरवण्याचा कंटाळा नव्हता. आणि हाच त्याचा खरा गुण होता.

त्या गुणाचे फळ हळूहळू दिसू लागले. नकलेच्या संघातून तो वर सरकला. शिष्यवृत्ती मिळाली. १९९६ च्या हंगामापासून तो पहिल्या अकरांत होता, आणि पुढे सलग तीन हंगाम त्याची जागा हलली नाही. उंची सहा फूट तीन इंच, वजन तीनशे पौंडांच्या वर. आणि त्या शिरस्त्राणाच्या जाळीआड तोच काळ्या काड्यांचा चष्मा. प्रतिपक्षाच्या पोरांना पहिल्या धडकेपर्यंत त्याची गंमत वाटत असेल. नंतर वाटत नसावी.

संघाचे दिवस मात्र वाईट चालले होते. १९९६ मध्ये चार विजय आणि सात पराभव. १९९७ मध्ये पुन्हा तेच, चार आणि सात. प्रशिक्षक डॅनी फोर्ड गेले, आणि त्यांच्या जागी ह्यूस्टन नट आले. या पडत्या काळात ब्रँडनचे आणखी एक काम शांतपणे चालू होते. तिथल्या पुष्कळ मोठ्या खेळाडूंची पदवी खेळाच्या धबडग्यात मागे राहते. याने पदवी घेतली, आणि शेवटचा सामना खेळण्यापूर्वी व्यवस्थापन शास्त्राची पदव्युत्तर पदवीही घेतली. त्या विद्यापीठाच्या फुटबॉलच्या इतिहासात असे करणारा तो पहिला खेळाडू. वाचकहो, मैदानावर दिवसाचे कित्येक तास देऊन हे साधणे किती कठीण आहे, हे ज्यांच्या घरी परीक्षेला बसलेले मूल आहे त्यांना सांगायला नको.

* * *

१९९८ चा हंगाम उजाडला, आणि कुणाच्या ध्यानीमनी नसताना आर्कान्साचा संघ जिंकू लागला. एक, दोन, तीन करता करता ओळीने आठ सामने जिंकले. १४ नोव्हेंबरला नववा सामना होता टेनेसी विद्यापीठाशी, त्यांच्याच नॉक्सव्हिलच्या मैदानावर, लाखाहून अधिक प्रेक्षकांसमोर. दोन्ही संघ तोवर अपराजित.

सामना आर्कान्साच्या हातात आला होता. पावणेदोन मिनिटांच्या आत खेळ उरला होता, गुणफलक २४–२२ असा आर्कान्साच्या बाजूने होता, आणि चेंडूही त्यांच्याकडेच होता. थोडा वेळ काढला की झाले. क्वार्टरबॅक क्लिंट स्टर्नर चेंडू घेऊन मागे वळला. त्याच क्षणी टेनेसीचा बिली रॅटलिफ या धिप्पाड गड्याने समोरच्या गार्डला मागे रेटले. मागे रेटला गेलेल्या त्या गार्डच्या पायात स्टर्नरचा पाय अडकला. तोल सावरायला स्टर्नरने हात जमिनीला टेकला, त्याच हातात चेंडू होता, आणि चेंडू निसटून गवतावर पडला. रॅटलिफने त्यावर झेप घातली. मग टेनेसीच्या ट्रॅव्हिस हेन्रीने पुन्हा पुन्हा चेंडू घेऊन मुसंडी मारली, आणि २८ सेकंद उरले असताना तो शेवटच्या पट्ट्यात शिरला. आर्कान्सा हरले, २८–२४. टेनेसी त्या वर्षी एकही सामना न हरता राष्ट्रीय विजेते झाले.

तो गार्ड होता ब्रँडन बर्ल्सवर्थ.

गार्डच्या कामाची हीच तऱ्हा आहे. तो आपले काम शेकडो वेळा बिनचूक करतो तेव्हा त्याचे नाव कुणी घेत नाही. छायाचित्रात दिसतो तो ज्या क्षणी त्याचा पाय मागे सरकतो तेव्हा. अमेरिकेत आजही त्या सामन्याची आठवण निघाली की लोक सांगतात ती स्टर्नरच्या हातून सुटलेल्या चेंडूची. पण नीट पाहणाऱ्याला दिसते की त्या घसरणीत दोन पाय होते. आणि तरीही त्या हंगामाअखेर जाणकारांनी जेव्हा देशातल्या उत्तम खेळाडूंची निवड केली, तेव्हा अखिल अमेरिकन खेळाडूंमध्ये बर्ल्सवर्थचे नाव होते. पाहणाऱ्यांनी एका पावलावरून नव्हे, साऱ्या हंगामावरून त्याला जोखले. आर्कान्साने नऊ विजय आणि तीन पराभव असा तो हंगाम संपवला, आणि आपल्या परिषदेच्या पश्चिम विभागाच्या विजेतेपदात वाटा मिळवला. चार आणि सातच्या मानाने ही मजल केवढी!

* * *

अमेरिकेतले धंदेवाईक संघ दर वर्षी एप्रिलमध्ये कॉलेजातले खेळाडू निवडून घेतात. एका मागून एक संघाची पाळी येते आणि नाव पुकारले जाते. १९९९ साली सात फेऱ्यांत मिळून २५३ नावे पुकारली गेली. १७ एप्रिलला, तिसऱ्या फेरीत, त्रेसष्टावे नाव आले ते ब्रँडन बर्ल्सवर्थचे. त्याला घेतले इंडियानापोलिस कोल्ट्स या संघाने. पाच वर्षांपूर्वी ज्याला आपल्याच राज्याच्या विद्यापीठाने ८५ जणांत धरले नव्हते, तो आता साऱ्या देशातून निवडलेल्यांत त्रेसष्टावा होता. या खेपेला कुणीतरी त्याला आपण होऊन बोलावले होते.

संघही कसा! कोल्ट्सने आदल्या वर्षी पेटन मॅनिंग हा तरुण क्वार्टरबॅक सर्वांत आधी निवडून घेतला होता. पहिल्या वर्षी त्यांचे तीन विजय आणि तेरा पराभव झाले होते. मॅनिंगपुढे भक्कम भिंत हवी होती. तिच्यातला एक दगड म्हणून ब्रँडनची निवड होती. पुढच्याच हंगामात कोल्ट्सने उलटा आकडा करून दाखवला, तेरा विजय आणि तीन पराभव. मॅनिंग तर त्या खेळाच्या इतिहासातल्या थोर क्वार्टरबॅकांत गणला गेला. त्याच्या पुढ्यात उजव्या हाताला काळ्या चष्म्याचा गार्ड कसा दिसला असता, याची कल्पनाच करायची.

कारण २८ एप्रिल १९९९ या दिवशी, निवड होऊन अवघे अकरा दिवस झाले असताना, ब्रँडन फेयेटव्हिलहून हॅरिसनला आपल्या घरी निघाला. बुधवार होता. बुधवारी संध्याकाळी आईला चर्चमध्ये प्रार्थनेला घेऊन जायचे, हा त्याचा नेम. आल्पीना नावाच्या गावाजवळ, घर थोड्याच मैलांवर राहिले असताना, त्याच्या मोटारीची आणि एका अजस्र मालट्रकची टक्कर झाली. त्यातच तो गेला. वय बावीस वर्षे सात महिने.

इथे लिहिणाऱ्याला दोन शब्द जास्त घालण्याचा मोह होतो. पण त्या आईचे दुःख शब्दांनी सांगण्यासारखे नाही, आणि ते सांगण्याचा अधिकारही आपला नाही.

पुढची हकीकत मात्र सांगायलाच हवी. त्याच वर्षी १३ नोव्हेंबरला टेनेसीचा संघ आर्कान्साशी खेळायला आला. आता मैदान फेयेटव्हिलचे होते. क्लिंट स्टर्नर अजून संघात होता. वर्षभर त्याने त्या सुटलेल्या चेंडूचे ओझे वागवले होते; ज्या सोबत्याच्या पायात त्याचा पाय अडकला होता तो सोबती आता या जगात नव्हता. शेवटची चार मिनिटेही उरली नव्हती, आर्कान्सा मागे होते, आणि स्टर्नरने अँथनी लुकासकडे तेवीस यार्डांचा चेंडू फेकला. लुकासने तो शेवटच्या पट्ट्यात झेलला. आर्कान्सा जिंकले, गुणसंख्या २८–२४. आदल्या वर्षीचाच आकडा, फक्त बाजू बदललेली. लोक मैदानात धावले आणि त्यांनी आनंदाच्या भरात गोलाचे खांब उपटून काढले. कादंबरीत असे लिहिले तर वाचक म्हणेल की लेखकाने ओढूनताणून जमवले आहे. पण त्या सामन्याच्या नोंदी आहेत; ज्याला पाहायच्या असतील त्याने खुशाल पाहाव्यात.

* * *

आता कुणी विचारील, यात सिद्ध काय झाले? हा मुलगा धंदेवाईक मैदानावर एकही सामना खेळला नाही. वाट तुडवली खरी, पण मुक्कामाला पोचला कुठे?

प्रश्न रास्त आहे. यशाची गोष्ट सांगायचीच तर त्याच वाटेने गेलेले दुसरे आगंतुक आहेत. जे. जे. वॉट या खेळाडूने एका विद्यापीठातली मिळालेली शिष्यवृत्ती सोडून विस्कॉन्सिन विद्यापीठात आगंतुक म्हणून पाऊल ठेवले. पुढे धंदेवाईक फुटबॉलमध्ये २०१२, २०१४ आणि २०१५ असा तीनदा तो वर्षाचा सर्वोत्तम बचावपटू ठरला. बेकर मेफिल्ड दोन विद्यापीठांत आगंतुक म्हणून शिरला, आणि २०१८ च्या निवडीत साऱ्या देशात पहिले नाव त्याचे पुकारले गेले. हंटर रेन्फ्रो हा साउथ कॅरोलिनातला लहानखुरा मुलगा क्लेम्सन विद्यापीठात असाच आला. ९ जानेवारी २०१७ च्या राष्ट्रीय अंतिम सामन्यात, एक सेकंद उरला असताना, विजयाचा चेंडू त्याने झेलला, आणि २०२१ साली धंदेवाईक खेळात एका हंगामात शंभराहून अधिक झेल घेतले.

यांतल्या मेफिल्डला आणि रेन्फ्रोला कॉलेजात असताना एक पारितोषिक मिळाले होते. मेफिल्डला तर दोनदा. आगंतुक म्हणून सुरुवात केलेल्या देशातल्या सर्वोत्तम खेळाडूला ते २०१० सालापासून दर वर्षी दिले जाते. त्या पारितोषिकाचे नाव ‘बर्ल्सवर्थ ट्रॉफी’. थोरल्या भावाने ब्रँडनच्या नावाने जी संस्था उभी केली, तिचे हे काम. जो स्वतः उंबरठ्यावरच राहिला, त्याच्या नावाचे मानचिन्ह आता आगंतुकांतल्या सर्वोत्तमाच्या हाती पडते.

त्या संस्थेचे आणखी एक काम मला या मानचिन्हाहून मोठे वाटते. गरीब घरच्या मुलांना ती आर्कान्साच्या सामन्यांना नेते. मुले येतात ती ७७ क्रमांकाचा सदरा घालून, डोळ्यांवर जाड काळ्या काड्यांचा चष्मा लावून. ज्या चष्म्याला एरवी वर्गातली पोरे हसतात, तो तिथे मिरवण्याची वस्तू झाला आहे. ज्यांची नजर अधू आहे पण घरची ऐपत नाही, अशा मुलांना खरोखरीचे चष्मे मिळवून देण्याचे कामही ही संस्था करते. विद्यापीठात ब्रँडनचे कपाट काचेआड जसेच्या तसे जपले आहे. २०१६ साली त्याच्या आयुष्यावर ‘ग्रेटर’ नावाचा चित्रपट निघाला. आणि संघातल्या सोबत्यांत एक बोलणे रूढ झाले, ‘बर्ल्स करायचा तसे करा’. कसे करायचा? वेळेआधी येऊन, धडा पुरा करून, आणि कुणी पाहत आहे की नाही याची फिकीर न करता.

तेव्हा मुक्काम कुठला, याचे उत्तर मी असे देईन. त्याला हवा होता लाल सदरा. तो त्याने मागून नव्हे, कमावून घेतला. त्रेसष्टावे नाव ही त्या कमाईची पावती होती. पावती हरवली म्हणून कमाई खोटी ठरत नाही.

* * *

ही हकीकत जुनी म्हणून बाजूला ठेवता आली असती. पण अलीकडे तिला एक नवा संदर्भ आला आहे. जून २०२५ मध्ये अमेरिकेतल्या न्यायालयाने एका मोठ्या दाव्यातली तडजोड मान्य केली, आणि विद्यापीठांना आपल्या खेळाडूंना थेट पैसे देण्याची वाट मोकळी झाली. ज्यांच्या घामावर विद्यापीठे कोट्यवधी डॉलर मिळवीत आली, त्यांना त्यातला वाटा मिळावा हे न्यायाचेच आहे. शिष्यवृत्त्यांची ८५ ची मर्यादाही गेली. पण त्याच वेळी, ही व्यवस्था स्वीकारणाऱ्या विद्यापीठांच्या फुटबॉल संघाची एकूण संख्याच १०५ वर बांधली गेली. पूर्वी पुष्कळ संघांत याहून जास्त मुले असत, आणि ती जास्तीची मुले म्हणजे बहुतेक हे आगंतुकच. आधीपासून संघात असलेल्या ज्यांची नावे यामुळे कापली जाणार होती, त्यांना मोजणीतून वगळण्याची सवलत द्यावी असा आग्रह न्यायाधीशांनी धरला, आणि ती मिळाली. परंतु उद्या दारात उभ्या राहणाऱ्या मुलासाठी अशी सवलत नाही.

आकड्यांचा खेळ पाहा. १९७३ साली १०५ ही बोलावलेल्यांची संख्या होती. त्यापलीकडे न बोलावलेल्यांना जागा होती. आता १०५ हीच साऱ्यांची संख्या. आगंतुकाला दार अजिबात बंद झाले असे नव्हे. पण ज्या प्रशिक्षकाच्या हाती मोजक्याच जागा, तो आज तयार असलेला गडी घेईल, की चष्मा लावलेल्या, गोलसर बांध्याच्या, तीन वर्षांनी तयार होणाऱ्या मुलासाठी एक जागा अडवून ठेवील? व्यवहाराचे उत्तर सर्वांना ठाऊक आहे. हिशेब चुकीचा आहे असेही म्हणता येत नाही. फक्त त्या हिशेबात ७७ क्रमांकाचा गार्ड बसत नाही.

आपल्यालाही हे लागू आहे. शाळेचा कबड्डीचा संघ असो, गावातली नाटकमंडळी असो की कचेरीतली भरती असो, यादी केल्यावाचून काम चालत नाही, आणि यादी करणारा शेवटी माणूसच असतो. त्याची नजर आखूड पडणार हे धरूनच चालावे, आणि यादीखाली एक-दोन ओळी कोऱ्या ठेवाव्यात. त्या ओळींवर येणारा प्रत्येक जण बर्ल्सवर्थ होईल असे मुळीच नाही. नव्वद टक्के वर्षभरात निघून जातील. पण ज्या गावातून असा एखादा मुलगा निघतो, त्या गावाला पुढे पंचवीस वर्षे पुरेल एवढे तो देऊन जातो.

आर्कान्साच्या मैदानावर शनिवारी सामना असला की ती मुले येतात. समोर कोण खेळतो आहे, गुण किती झाले, हे त्यांतल्या लहानग्यांना पुरतेपणी कळतही नसेल. चष्मे सैल असतात, नाकावरून घसरतात. मुले ते बोटाने वर सारतात आणि मैदानाकडे पाहत राहतात.